कथेवाचूनचे नृत्य आणि आपली समीक्षा

मराठीत ‘बॅले’ हा शब्द रुळला तो नृत्यनाट्याचा समानार्थी म्हणून. उदय शंकर यांच्या अल्मोड्याच्या केंद्रात घडलेल्या कलावंतांनी पुढे मुंबईत समूहनृत्याचे जे प्रयोग उभे केले, त्यांच्याबरोबर तो आपल्या बोलण्यात आला. शांती बर्धन यांनी १९५२ साली स्थापन केलेल्या लिटल बॅले ट्रूपचे, बाहुल्यांच्या चालीने नाचलेले ‘रामायण’ असो की सचिन शंकर यांच्या संचाचे प्रयोग असोत, ‘बॅले’ म्हटले की कथा, पात्रे आणि प्रसंग हे गृहीत धरले गेले. ज्या पाश्चात्त्य परंपरेतून हा शब्द आपण घेतला, तिच्यात मात्र नेमक्या त्याच काळात कथेला बाहेरची वाट दाखविली जात होती. जॉर्ज बॅलन्शीन यांचा ‘कॉन्चेर्तो बरोक्को’ १९४१ साली रंगमंचावर आला. त्यात कथा नाही. बाखच्या दोन व्हायोलिनांच्या कॉन्चेर्तोला दोन प्रमुख नर्तिका आणि आठ नर्तिकांचा समूह प्रतिसाद देतो. एकुलता एक पुरुष दुसऱ्या, विलंबित भागात तेवढा येतो. पुढे १९५१च्या सुमारास या रचनेतून भारी वेषभूषाही गळाली आणि नर्तक तालमीच्या साध्या कपड्यांत नाचू लागले.

या प्रकारास नव-अभिजात अमूर्त बॅले असे म्हणतात. ‘अभिजात’ एवढ्यासाठी की त्याची पदावली जुनीच, रशियन राजदरबारी परंपरेतून आलेली. ‘नव’ एवढ्यासाठी की त्या पदावलीवरून कथानक, नेपथ्य आणि मूकाभिनय यांचे ओझे उतरवून तिला थेट संगीताच्या बांधणीशी भिडविले गेले. आपल्याकडेही या प्रकाराचा सख्खा शेजारी आहे. कथक, ओडिसी, भरतनाट्यम् या शैलींतील समूहनृत्ताची रचना हा तो शेजारी होय. गेल्या पन्नास वर्षांत तिच्यात मोलाचे काम झालेले असूनही आपल्या समीक्षेने तिला स्वतःचे नाव दिलेले नाही आणि स्वतःची भाषाही दिलेली नाही. ही उणीव नर्तकांची नसून साहित्याच्या अभ्यासकांची आहे, आणि तिची किंमत आपण रचनाच्या रचना गमावून मोजतो आहोत, असे माझे प्रतिपादन आहे.

प्रथम एक भेद स्पष्ट केला पाहिजे. बॅलेमध्ये सासू दाखविता येत नाही, अशा आशयाचे बॅलन्शीन यांचे एक विधान प्रसिद्ध आहे. एखादी स्त्री दुसरीची सासू आहे हे केवळ पदन्यासांतून प्रेक्षकास कळणे अशक्य, म्हणून बॅलेने असल्या नात्यागोत्यांच्या फंदात पडू नये, असा त्याचा रोख. पाश्चात्त्य बॅलेच्या बाबतीत हे खरे आहे. आपल्याकडे मात्र सासूच काय, नणंद, शेजारीण, सवत आणि दारात उभा असलेला वाटसरू हे सारे एकच नर्तिका हस्तमुद्रा, दृष्टी आणि अंगाचा किंचित झोक यांच्या बळावर क्षणार्धात उभे करते. अभिनयाची ही भाषा शब्दाशी स्पर्धा करील इतकी समर्थ आहे. तात्पर्य असे की बॅलेने कथा सोडली ती काही अंशी स्वतःची मर्यादा ओळखून. आपला रचनाकार कथा सोडतो तेव्हा तो हाती असलेले एक समर्थ साधन जाणूनबुजून खाली ठेवतो. म्हणून ‘हे सारे पाश्चात्त्यांचे अनुकरण’ हा आक्षेप येथे लागू पडत नाही. त्यागच वेगळ्या जातीचा आहे, तेव्हा त्याचे मूल्यमापनही वेगळेच व्हावयास हवे.

आणि हा प्रश्न आपल्याकडे नवा तरी कुठे आहे? नाट्यशास्त्राच्या चौथ्या अध्यायात ऋषी भरतमुनींना नेमके हेच विचारतात. अर्थ प्रकट करण्यासाठी अभिनय निर्माण झाला हे समजले. पण गीताच्या अर्थाशी ज्याचा संबंध नाही आणि जे कोणताही भाव दर्शवीत नाही, ते नृत्त कशासाठी? भरतांचे उत्तर असे की नृत्ताला कसल्याही अर्थाची अपेक्षा नसते. ते शोभा निर्माण करते, म्हणून ते प्रवृत्त झाले. पण भरत तेथे थांबत नाहीत. नृत्त लोकांना स्वभावतःच आवडते, ते मंगल आहे, विवाह, अपत्यजन्म, अभ्युदय अशा प्रसंगी त्याची योजना होते, हेही ते सांगतात. त्याच अध्यायात पिंडी, शृंखलिका, लताबंध आणि भेद्यक असे समूहाच्या बांधणीचे चार प्रकार येतात. नर्तकांचा घोळका होणे, साखळी होणे, वेलीसारखे एकमेकांत गुंतणे आणि त्यांतून फुटून वेगळे होणे, असा त्यांचा स्थूल अर्थ घेता येतो. ‘कॉन्चेर्तो बरोक्को’चे वर्णन करावयास यापेक्षा नेमक्या संज्ञा मला तरी इंग्रजीत आढळलेल्या नाहीत.

मराठी सौंदर्यशास्त्राने तर या विषयाची निम्मी वाट आधीच चालून ठेवली आहे. बा. सी. मर्ढेकरांनी संवाद, विरोध आणि समतोल या तीन लयतत्त्वांवर कलाकृतीची घडण समजावून सांगितली. संगीताला व चित्राला ती सहज लागू पडली. साहित्याजवळ आल्यावर शब्दांच्या अर्थाशी त्यांना झगडावे लागले. नृत्त हे त्यांच्या उपपत्तीचे उत्तम कसोटीस्थान ठरले असते, कारण त्यात अर्थ नाही पण माणूस आहे. सूर किंवा रंग यांसारखे शरीर हे कोरे माध्यम नाही. रंगमंचावर एक पुरुष आणि एक स्त्री आणून उभी केली की कथेला आरंभ झालाच, असे खुद्द बॅलन्शीनही म्हणत. चेन्नईत चंद्रलेखांनी १९८५ साली ‘अंगिका’ सादर केली, तेव्हा कथेवाचूनच्या देहालाही इतिहास असतो, हे प्रेक्षकांस प्रखरपणे जाणवले. रा. भा. पाटणकरांनी ‘सौंदर्यमीमांसे’त (१९७४) सौंदर्यविचाराला दोन ध्रुव असल्याचे दाखवून दिले, कला स्वायत्त आहे आणि ती लौकिक जीवनाशी बांधलेलीही आहे. भरतांच्या उत्तरात हे दोन्ही ध्रुव शोभा आणि मंगल या रूपांनी शेजारी शेजारी बसलेले दिसतात. म्हणूनच ‘अमूर्त’ हे विशेषण मला या प्रकारास अपुरे वाटते. घामेजलेल्या, श्वास लागलेल्या माणसाइतके मूर्त दुसरे काय असणार? ‘निष्कथ नृत्तरचना’ असे म्हणणे अधिक प्रामाणिक होईल.

ही चर्चा बंगळूरहून करावीशी वाटते, त्यास कारण आहे. बॅले आणि भारतीय नृत्य यांची गाठ या शहराच्या माणसांनी वारंवार घालून दिली. बंगळूरचे राम गोपाल यांनी १९६० साली अलिशिया मार्कोव्हा यांच्यासह नृत्य केले. मार्कोव्हा बालवयात असताना त्यांच्यासाठी बॅलन्शीन यांनी रचना केली होती. तथापि या दोघांनी मिळून जे सादर केले ते राधाकृष्णाचे कथानकच होते. पूर्व आणि पश्चिम भेटली की मध्यस्थीला पुराणकथा येणार, हा त्या काळचा संकेत. मल्लेश्वरमच्या माया राव दिल्लीत शंभू महाराजांकडे कथक शिकल्या आणि १९६०नंतरच्या वर्षांत मॉस्कोला जाऊन त्यांनी नृत्यरचना हाच विषय अभ्यासिला. सोव्हिएत रंगभूमीवर कथाप्रधान बॅले आणि संगीतप्रधान बॅले यांचा वाद तेव्हा पेटलेला होता; १९६२ साली बॅलन्शीन यांचा न्यूयॉर्कचा संचही तेथे प्रयोग करून गेला. भारतात परतल्यावर माया रावांनी दिल्लीत नृत्यरचनेची संस्था काढली आणि १९८७ साली ती बंगळूरला आणली. ‘तुलसी के राम’, ‘होयसळ वैभव’ अशा त्यांच्या गाजलेल्या रचना विषयप्रधान आहेत, हे खरे. पण नाचणे आणि नाच रचणे ही दोन शास्त्रे आहेत, दुसरेही शिकवावे लागते, ही जाणीव त्यांनी येथे रुजविली. शहराबाहेर हेसरघट्ट येथे प्रोतिमा गौरी यांनी १९९० साली नृत्यग्राम उभारले. तेथे सुरूपा सेन यांनी ओडिसीतील पल्लवी या प्रकाराला समूहाचे रूप दिले. पल्लवीत कथा नसते. राग जसजसा उलगडतो तसतशी अंगगती उलगडते. एकटीने करावयाची ही गोष्ट दोघी-चौघींत वाटली की एकीचा हात दुसरीच्या तानेला उत्तर देतो आणि मधली मोकळी जागाही रचनेचा घटक बनते. श्रीलंकेच्या चित्रसेन संचाबरोबर २०१२ साली केलेल्या ‘संहार’मध्ये ओडिसीचा त्रिभंग आणि कँडीय नृत्याची ठाम बैठक समोरासमोर आल्या, रचनेतला ताण या दोन देहपद्धतींच्या भेटीतूनच निर्माण झाला. कथकात हेच काम अहमदाबादेत कुमुदिनी लाखिया यांनी ‘धबकार’सारख्या रचनांतून केले.

असल्या रचनांचा प्रयोग करणे हे नृत्यनाट्याहून अवघड असते. कथा असली की प्रेक्षक चूक पोटात घालतो, कारण त्याचे लक्ष पुढे काय होणार याकडे लागलेले असते. निष्कथ रचनेत चौघींपैकी एकीचे पाऊल अर्धी मात्रा मागे पडले तरी संपूर्ण आकृती मोडते. प्रेक्षागृहाची रचनाही येथे निर्णायक ठरते. सपाट प्रेक्षागृहात पुढल्या रांगांतून नर्तकांच्या केवळ ओळी दिसतात, त्यांनी रंगतलावर रेखलेले आकार दिसत नाहीत. बंगळूरच्या रंगशंकरसारख्या, प्रेक्षकांत पुढे आलेला मंच आणि उतरती आसने असलेल्या लहान नाट्यगृहात हे आकार वाचता येतात. संगीत ध्वनिमुद्रित असेल तर काल आधीच ठरून जातो; साथीदार समोर बसलेले असतील तर नर्तकांच्या श्वासाप्रमाणे तो किंचित लांबतो. आणि सर्वांत मोठा अडथळा निवेदकाचा! प्रयोगापूर्वी ध्वनिक्षेपकावरून ‘ही रचना आत्मा आणि परमात्मा यांचे मीलन दर्शविते’ असे जाहीर झाले की प्रेक्षक उरलेला वेळ आत्मा कोणता आणि परमात्मा कोणता ते शोधीत बसतो. रचनाकारांनाही हे कळते. पण अनुदानाच्या अर्जात ‘आशय’ नावाचा रकाना असतो, आणि तो कोरा ठेवण्याची छाती कितीजणांना होईल?

मूळ चिंता मात्र याहून गंभीर आहे. तिच्यासाठी बंगळूरचाच एक जुना धागा धरावा लागेल. शहाजीराजांच्या बंगळूर जहागिरीतून त्यांचे पुत्र व्यंकोजी सतराव्या शतकात तंजावरला गेले आणि तेथे मराठ्यांचे राज्य स्थापन झाले. त्या घराण्यातील दुसरे सरफोजी (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांनी नृत्यासाठी मराठीत निरूपणे रचली. त्यांत शब्द, वर्ण, पद यांसारख्या साभिनय प्रकारांबरोबर तिल्लाण्यासारखे नृत्तप्रधान प्रकारही होते. ग्रंथालयाने शब्द जपले. अंगगती नाहीशा झाल्या. विसाव्या शतकात पार्वतीकुमार यांनी मोठ्या कष्टाने ही निरूपणे पुन्हा रंगमंचावर आणली, तेव्हा त्यांच्या हाती संहिता होती, नृत्य मात्र त्यांना नव्याने रचावे लागले. जेथे शब्द होते तेथे ही अवस्था; मग जेथे शब्दच नाहीत तेथे काय उरणार? कथकाचे बोल आपण लिहून ठेवतो, पण बोल म्हणजे काल; सहा नर्तिका कोठून निघाल्या आणि कोठे पोचल्या हे बोलांत नसते. बॅलन्शीन यांच्या अनेक रचना नृत्यलिपीत उतरविल्या गेल्या. त्यांच्या निधनानंतर १९८७ साली त्यासाठी स्वतंत्र न्यासही झाला. तो जाणत्या नर्तकांना देशोदेशी पाठवून त्या रचना शिकवितो. आपल्याकडे रचना रचनाकाराच्या देहाबरोबर जाते. रोहिणी भाटे २००८ साली, माया राव २०१४ साली आणि कुमुदिनी लाखिया २०२५ साली गेल्या. त्यांच्या शिष्यांना जेवढे आठवते तेवढे आज आहे. चित्रफिती असतात, परंतु चित्रफीत एका दिवशीचा प्रयोग दाखविते, त्यातली चूक कोणती आणि रचना कोणती हे सांगत नाही.

येथे साहित्याच्या अभ्यासकाचे काम सुरू होते. पाठचिकित्सा ही त्याची विद्या आहे. पाठभेद नोंदवावे, मूळ पाठ आणि प्रक्षिप्त वेगळे करावे, हे त्याला शिकविलेले असते. हीच शिस्त एखाद्या पल्लवीला किंवा धमाराच्या समूहरचनेला लावता आली पाहिजे. भारतीय भाषांच्या विभागांनी नाट्यसंहितांबरोबर नृत्तरचनांची तपशीलवार वर्णनेही छापावीत. मराठीत, कन्नडात, ओडियात, ज्या भाषेत तालीम झाली त्या भाषेत. रोहिणीताईंनी नृत्यावर मराठीत लिहून हे शक्य आहे हे दाखविलेच आहे. असे वर्णन लिहिताना ‘याचा अर्थ काय’ हा प्रश्न तूर्त बाजूला ठेवून ‘हे कसे बांधले आहे’ एवढेच विचारावे. ऋषींच्या प्रश्नाला भरतांनी उत्तर दिले त्यास शतके लोटली. तरी नृत्ताकडून अर्थाचा दाखला मागण्याची आपली खोड अद्याप जात नाही. ती जाईपर्यंत आपण ज्या कृतींचे समीक्षक म्हणवतो, त्यांच्यातल्या कित्येक आपल्या डोळ्यांदेखत नाहीशा होत राहतील.