लज्जेपायी दुखणे लपवू नये

आमच्या थोरल्या वहिनींनी कीर्तनास जाणे एकाएकी सोडिले. खोकताना वा शिंकताना मूत्र आवरत नसे, हे कारण आमच्या कुटुंबाकडून फार उशिरा कळले.

जघनास्थीपासून माकडहाडापर्यंत झोळीप्रमाणे पसरलेले स्नायू मूत्राशय, गर्भाशय व गुदाशय यांस खालून आधार देतात. मूत्रमार्ग मिटून धरण्यासही साहाय्य करितात. प्रसूतीत ते ताणून शिथिल होतात. श्वास न कोंडता ते आत व वर ओढावे, काही क्षण धरावे, मग सैल सोडावे. आपल्या हठयोगातील मूलबंध याच जातीचा. १९४८ साली अमेरिकेतील डॉ. केगेल यांनी असाच व्यायाम प्रसिद्ध केला. गुण येण्यास सुमारे तीन महिने लागतात. आधी वैद्यकीय सल्ला घ्यावा.

वहिनी यंदा श्रावणात पुन्हा कीर्तनास बसल्या. घरोघरच्या सासवांनी सुनांस एवढे एकदा विचारावे.