यंत्राच्या पोटांतले दहा राग

दिवाळी सरली कीं आमच्या झाडीपट्टींत नाटकांचा हंगाम सुरू होतो. वडशाच्या मंडळ्या गांवोगांव फिरूं लागतात आणि होळीपर्यंत कोठें ना कोठें रात्रभर नाटक रंगलेलें असतें. यंदा त्या हंगामाच्या तोंडावर आमच्या कुरखेड्याच्या घरांत एक तंटा उद्भवला. धाकट्या बंधूचा मुलगा, वय वर्षें बावीस, एका नाटक मंडळींत साथीला बसावयाचें म्हणून सिंथेसायझर नांवाचें विजेचें वाद्य कर्ज काढून घेऊन आला. आमच्या थोरल्या बंधूंना सारें घर दादा म्हणतें. त्यांनीं जन्मभर पेटी वाजविली. त्यांनीं तें वाद्य ओसरीवरून आंत आणूं दिलें नाहीं. "हें वाद्य नव्हे, खेळणें आहे. ह्यावर राग वाजविणें म्हणजे देवाला प्लास्टिकचीं फुलें वाहणें," असा त्यांचा निकाल. मुलगा रुसला, दोन दिवस पंक्तीस आला नाहीं, आणि वहिनींनीं निवाड्यासाठीं मला मध्यें घातलें.

मुलानें आपल्या बाजूचा साक्षीदार म्हणून एक जुनी तबकडी मला ऐकविली. तिची हकीकत वाचकांस सांगण्यासारखी आहे.

चरणजित सिंग हे मुंबईच्या चित्रपटसंगीतांतले एक वादक. शंकर-जयकिशन, राहुलदेव बर्मन अशा संगीतकारांच्या वाद्यवृंदांत ते गिटार आणि पट्ट्यांचीं वाद्यें वाजवीत. 1980 सालीं 'कुर्बानी' चित्रपट आला आणि हिंदी चित्रपटांत डिस्को नामक नृत्यसंगीताची लाट उसळली. 1982 मधल्या 'डिस्को डान्सर'नें ती घरोघर पोंचविली. त्याच 1982 सालीं ह्या गृहस्थांनीं एकट्यानें बसून एक ध्वनिमुद्रण केलें. गाणारा कोणी नाहीं, तबलजी नाहीं, तंबोऱ्यावर कोणी नाहीं. तीन जपानी यंत्रें आणि एक माणूस. ('26 ऑगस्ट 1982' ही तारीख आम्हांस पाठ आहे, त्या दिवशीं चंद्रपूरपासून वेगळा होऊन आमचा गडचिरोली जिल्हा जन्मास आला. त्याच वर्षीं मुंबईंत हें घडत होतें, ह्याचा येथें कोणास गंधही नव्हता. मुंबईंत तरी किती जणांस होता!) पुढील वर्षीं ग्रामोफोन कंपनीनें तबकडी काढली. नांव इंग्रजी, त्याचा अर्थ, डिस्कोच्या ठेक्यावर दहा राग. भैरव, ललत, भूपाळी, तोडी, मधुवंती. उलट बाजूस मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस, बैरागी. प्रत्येकास सुमारें पांच मिनिटें. खप यथातथाच झाला, आणि ती विस्मृतींत गेली.

हीं तीन यंत्रें रोलंड ह्या जपानी कंपनीचीं. पहिलें जुपिटर-8, पट्ट्यांचें वाद्य. एका वेळीं आठ स्वर काढणारें. दुसरें टीआर-808, तालयंत्र. तिसरें टीबी-303, आणि खरी मौज त्या तिसऱ्यांत आहे. एकट्या गिटारवादकास साथीला खर्जाचा वादक मिळाला नाहीं, तर त्याची जागा ह्या पेटीनें भरून काढावी, असा तिच्या कर्त्यांचा हेतु होता. हेतु सपशेल फसला. तिचा आवाज खऱ्या खर्जाच्या गिटारसारखा मुळींच येत नसे. शिवाय स्वर एकदां भरावयाचे, त्यांचा काळ निराळा भरावयाचा, अशी तिची रीत इतकी किचकट कीं गिऱ्हाइकें कंटाळलीं. 1984 सालीं कंपनीनें ती बनविणें बंद केलें. परंतु तिच्यांत दोन गोष्टी होत्या. एका बटणानें आवाजाचा कांहीं अंश गाळतां येई व दुसऱ्यानें उरलेला अंश फुगवितां येई, त्यामुळें एकच स्वर हळूहळू तोंड उघडल्यासारखा, मिटल्यासारखा वाटे. आणि एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची तिच्यांत सोय होती. साध्या मराठींत सांगावयाचें तर ह्या यंत्राला ओबडधोबड कां होईना, मींड येत होती.

येथें माझ्यांतील संस्कृताचा शिक्षक जागा झाला. भरतमुनींनीं वाद्यांचे चार वर्ग सांगितले: तत, अवनद्ध, घन, सुषिर. तार, चामडें, धातु आणि फुंकर. आतां ह्या पेटीला कोणत्या वर्गांत घालावें? तिच्यांत तार नाहीं, चामडें नाहीं, ठोका नाहीं, वारा नाहीं. विजेच्या प्रवाहाला आंतल्या आंत आंदोलन देऊन स्वर निघतो. आघातावांचून निर्माण होणारा नाद तो अनाहत, असें आपले योगी म्हणतात. दादांस हें मीं विनोदानें ऐकविलें. ते हंसले नाहींत.

त्यांचा आक्षेप पोरकट नव्हता. पट्ट्यांचे स्वर समान अंतरानें बांधलेले; बावीस श्रुतींचें सूक्ष्म अंतर त्यांत येत नाहीं. ह्याच आक्षेपावरून 1940 सालीं ऑल इंडिया रेडिओनें पेटीला दार बंद केलें होतें आणि पुढें तीस वर्षें तें उघडलें नाहीं. ज्या पेटीवर दादांचें आयुष्य गेलें, तिलाही एकेकाळीं विद्वानांनीं हाच दोष लावला होता, हें मीं त्यांना सांगितलें. त्यावर ते म्हणाले, "म्हणूनच मला तो दोष ठाऊक आहे."

मग मीं ती तबकडी चार रात्रीं ऐकली, आणि माझें मत सांगतों. तोडी फसली आहे. तोडीचा अतिकोमल गांधार ह्या पट्ट्यांत सांपडत नाहीं, आणि त्याखेरीज तोडीची करुणा उभी राहत नाहीं. भैरवाच्या रिषभाचें आंदोलनही नुसतें सुचविलेलें आहे. परंतु कलावती, मालकंस, बैरागी हे पांच स्वरांचे राग, ज्यांत स्वरांस्वरांमध्यें मोकळी जागा आहे, तेथें यंत्र उजळतें. मालकंसांत स्वर घसरत मध्यमावर येतो तेव्हां कोणा वाजविणाऱ्याचा हात खरोखर तेथें आहे, हें लपत नाहीं. रागाचे वर्ज्य स्वर त्यानें पाळले आहेत. डिस्कोच्या मोहानें कोठें रागाला विटाळ लावलेला नाहीं. राग अगोदर अंगांत नसता तर ह्या तीन यंत्रांतून नुसता गोंगाट निघाला असता.

एक गोष्ट मात्र मला शेवटपर्यंत खुपली. त्या यंत्राची एक ओळ सोळा घरांची असते. त्रितालाच्याही मात्रा सोळा! मी हरखलों. पण त्रितालांत नवव्या मात्रेवर खाली येते. त्या भागांत डग्ग्याचा घुमारा विरतो, ऐकणाऱ्यास श्वास मिळतो, आणि मग समेची ओढ लागते. डिस्कोच्या ठेक्यांत प्रत्येक ठोका सारखाच जोराचा. तेथें भरीच भरी, खाली कोठेंच नाहीं.

आतां ह्या तबकडीचें पुढें काय झालें तें ऐका. 1987 सालीं अमेरिकेंत शिकागो शहरीं फ्यूचर नांवाच्या मंडळींनीं तीच टाकाऊ ठरलेली टीबी-303 जुन्या मालांतून घेऊन, तिचीं बटणें फिरवीत, 'ऍसिड ट्रॅक्स' नांवाची तबकडी काढली. त्यावरून 'ऍसिड हाऊस' हा नृत्यसंगीताचा पंथ निघून युरोपभर पसरला. ऍसिड हें तिकडील बोलींत एल.एस.डी. ह्या मतिभ्रम करणाऱ्या द्रव्याचेंही नांव; त्या गरगरत्या आवाजाचा व त्या धुंदीचा संबंध लोकांनीं जोडला. साठाच्या दशकांत आपल्या सतारीचेंही तिकडे असेंच झालें होतें, आणि श्रोते नशा करून मैफलीस बसतात ह्याबद्दल रविशंकरांनीं उघड नाराजी दाखविली होती. मुंबईच्या ह्या वादकाला धुंदीशीं कर्तव्य नव्हतें. चित्रपटांत डिस्को फार झाला आहे, आपण त्यांत रागांचें कांहीं निराळें करावें, इतकाच त्यांचा विचार होता.

पुढें भारतांत जुन्या तबकड्या शोधीत फिरणाऱ्या एडो बौमन ह्या डच गृहस्थाच्या हातीं ती पडली, व 2010 सालीं त्यानें ती तिकडे पुन्हां काढली. ऐकणारे चक्रावले. शिकागोच्या पांच वर्षें आधीं मुंबईंत हा आवाज? कित्येकांस तो बनाव वाटला. कोणी आधुनिक युरोपियन कलावंतानें भारतीय नांव घेऊन केलेली थट्टा असावी, असेंही बोललें गेलें. मग चरणजित सिंग स्वतः सत्तरीच्या घरांत युरोपांत जाऊन तींच यंत्रें मांडून वाजवून आले. जुलै 2015 मध्यें मुंबईंत ते वारले. तीस वर्षें ज्या तबकडीला आपल्याकडे कोणी हात लावला नाहीं, तिची ओळख आपणांस परक्यांनीं करून द्यावी, ह्याची मला लाज वाटते. पण मीं स्वतः तरी ती कोठें ऐकली होती?

पांचव्या रात्रीं जेवणें आटोपल्यावर मुलानें ओसरीवर मालकंस लावला. दादा आंत झोपाळ्यावर होते. पांच मिनिटें झोपाळ्याची कडी वाजली नाहीं. संपल्यावर ते दारापर्यंत आले आणि म्हणाले, "पुन्हां लाव." दुसऱ्यांदा ऐकून त्यांनीं मुलास एवढेंच विचारलें, "हा माणूस मालकंस शिकलेला आहे. पण खाली कोठें गेली?"

मुलाला उत्तर देतां आलें नाहीं. पंक्तीस मात्र तो दुसऱ्या दिवसापासून येऊं लागला. मंडळींच्या तालमीसाठीं वडशास जाण्याला आतां चार दिवस उरले आहेत. रोज रात्रीं तो आपल्या यंत्रांतल्या सोळा घरांपैकीं नववें ते बारावें घर रिकामें करून पाहतो, पुन्हां भरतो, पुन्हां रिकामें करतो, आणि आंतून दादा हातानें टाळी-खाली धरून त्याला चूक सांगतात. वाद्य अजून ओसरीवरच आहे.