दलित ख्रिस्ती अनुभव आणि आपली वाङ्मयीन वर्गवारी

१८५५ साली 'ज्ञानोदय'मध्ये मुक्ता साळवे हिचा मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध प्रसिद्ध झाला. लेखिका मांग समाजातील, फुले यांच्या शाळेत शिकलेली. नियतकालिक मात्र अमेरिकन मराठी मिशनचे. दलित स्त्रीचा हा आरंभीचा उद्गार ख्रिस्ती पत्रातून उमटला, हा निव्वळ योगायोग मानता येणार नाही. तरीही आपल्या अभ्यासक्रमांत 'ख्रिस्ती मराठी वाङ्मय' व 'दलित साहित्य' ही दोन प्रकरणे एकमेकांस पाठ करून उभी असतात. पहिल्यात फादर स्टीफन्स, बाबा पदमनजी, रेव्हरंड टिळक. दुसऱ्याचा उगम आंबेडकरी प्रेरणेत. ही प्रेरणा निर्विवादच आहे. मिलिंद महाविद्यालय आणि 'अस्मितादर्श' यांच्या या शहरात ते वेगळे सांगण्याची गरज नाही. प्रश्न एवढाच की, जो दलितही आहे आणि ख्रिस्तीही, त्याला कोणत्या प्रकरणात शोधावे?

हा प्रश्न दूरचा नाही. एकोणिसाव्या शतकात रेव्हरंड नारायण शेषाद्री यांनी जालन्याजवळ बेथेल ही ख्रिस्ती वसाहत उभारली. शेषाद्री जन्माने ब्राह्मण, तर त्यांच्या मंडळीतील अनेक कुटुंबे मांग समाजातील. त्यांचा चरित्रपर उल्लेख आपण करतो. त्या कुटुंबांनी समतेच्या शिकवणीचा कोणता अर्थ लावला, हे मात्र विचारत नाही.

ख्रिस्ती ईश्वरविज्ञानाने ही उणीव आपल्याआधी ओळखली. भारतीय ख्रिस्ती चिंतन उच्चवर्णीय तत्त्वज्ञानात गुंतून पडले, अशी टीका करणाऱ्या अरविंद निर्मळ यांनी १९८१ मध्ये बंगलोर येथे शूद्रांच्या अनुभवावर उभ्या राहणाऱ्या ईश्वरविज्ञानाची मागणी केली. पुढे विकसित झालेल्या दलित ईश्वरविज्ञानाच्या मुळाशी एक कबुली आहे : बाप्तिस्म्याने जात पुसली जात नाही. कायद्याचे गृहीत मात्र नेमके उलटे. १९५० च्या अनुसूचित जाती आदेशात १९५६ मध्ये दलित शिखांचा व १९९० मध्ये दलित बौद्धांचा समावेश झाला. दलित ख्रिस्ती अद्याप बाहेरच आहेत.

साहित्याच्या अभ्यासकास कायदा बदलता येत नाही. वर्गवारी मात्र बदलता येते. आमच्या मते, संशोधक विद्यार्थ्यांनी 'ज्ञानोदय'चे जुने अंक, मंडळ्यांची दप्तरे, खेड्यांतून गायिली जाणारी ख्रिस्ती भजने आणि वृद्धांच्या आठवणी यांच्याकडे दलित साहित्याची साधने म्हणूनही पाहावे. तसे न केल्यास शासनाच्या आदेशाने ज्यांना वगळले, त्यांना वाङ्मयेतिहासातूनही वगळल्याचा दोष आपल्या माथी येईल.