वसंतराव नाईक : उपनगरातून पाहताना

माजी मुख्यमंत्र्यांविषयी लिहिण्याच्या आपल्याकडे दोनच तऱ्हा रूढ आहेत. एक गौरवग्रंथाची, दुसरी शिमग्याची. पहिलीत माणूस जन्मतःच द्रष्टा असतो. दुसरीत त्याने केलेले प्रत्येक काम कोणाच्या तरी फायद्यासाठी केलेले असते. वसंतराव नाईकांच्या वाट्याला दोन्ही तऱ्हा आल्या आहेत. विदर्भातल्या खेड्यात जा, १ जुलैला त्यांच्या जन्मदिवशी कृषिदिन साजरा होतो आणि भाषणांतून हरितक्रांतीचा जनक म्हणून त्यांची आरती होते. मुंबईत मात्र त्यांचे नाव निघालेच तर नरिमन पॉइंट आणि ‘वसंतसेना’ या दोन शब्दांपाशी येऊन थांबते. अंधेरी-बोरिवली, घाटकोपर-मुलुंडकडच्या आम्हा मुलांना तर बहुधा तेवढेही ठाऊक नसते. अकरा वर्षांहून अधिक काळ सलग ज्याने महाराष्ट्राचा कारभार केला, त्या माणसाशी उपनगराचा संबंध काय, असा प्रश्न कोणी केला तर उत्तर देता येणार नाही. माझ्या मते हा संबंध फार जवळचा आहे. तो आपल्या पगारपत्रकात आहे, लोकलच्या गर्दीत आहे आणि सकाळच्या मजूरनाक्यावरही आहे.

आधी माणूस कोण होता ते पाहू. यवतमाळ जिल्ह्यात पुसद तालुक्यातील गहुली हे त्यांचे गाव. जन्म १९१३ चा. घर बंजारा समाजातले, तांड्याच्या नायकाचे. आडनावाऐवजी ‘नाईक’ लागले ते त्यामुळेच. भटक्या म्हणून ज्या समाजाकडे इंग्रजी अमलात पोलिसांची संशयी नजर असे, त्यातला हा मुलगा नागपुरास जाऊन वकील झाला, घाटे घराण्यातील वत्सलाबाईंशी त्याने १९४१ साली आंतरजातीय विवाह केला, पुसदच्या नगरपालिकेचा अध्यक्ष झाला आणि १९५२ साली जुन्या मध्य प्रदेशाच्या विधानसभेत पोचला. पुढे द्वैभाषिक आले, मग संयुक्त महाराष्ट्र. यशवंतराव चव्हाणांच्या मंत्रिमंडळात ते महसूलमंत्री होते. चव्हाण १९६२ साली संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीस गेले, त्यांच्या जागी आलेले कन्नमवार वर्षभरात वारले आणि ५ डिसेंबर १९६३ रोजी वसंतराव मुख्यमंत्री झाले. फेब्रुवारी १९७५ पर्यंत ते त्या खुर्चीवर होते. इतका काळ ती खुर्ची दुसऱ्या कोणालाही लाभलेली नाही.

हे कसे साधले? राज्यातल्या सर्वांत मोठ्या जातीचे पाठबळ त्यांना नव्हते, म्हणूनच ते कोणाला धोक्याचे वाटले नाहीत, असे एक स्पष्टीकरण नेहमी दिले जाते. त्यात तथ्य आहे. पण तेवढ्यावर कोणी अकरा वर्षे टिकत नाही. तोंडात पाइप, चेहऱ्यावर शांतपणा आणि दुसऱ्याचे म्हणणे ऐकून घेण्याची सवय या त्यांच्या तीन गोष्टींपैकी पहिलीची चर्चा फार झाली. मला तिसरी सर्वांत महत्त्वाची वाटते. का, ते पुढे येईलच.

मुख्यमंत्री होण्यापूर्वीचे त्यांचे एक काम विस्मरणात गेले आहे. सत्तेच्या विकेंद्रीकरणाचा विचार करण्यासाठी १९६० साली त्यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. तिने जिल्हा हा घटक बळकट करावा असे सुचविले आणि त्यातूनच १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा व पंचायत समित्या अस्तित्वात आल्या. राज्याला पुढे मिळालेले कितीतरी पुढारी याच शाळेत तयार झाले. त्यांतले काही साखरसम्राट निघाले, हा शाळेचा दोष की विद्यार्थ्यांचा, हा वाद निराळा.

आता शेती. साठच्या दशकाच्या मध्यास देशात अन्नाची ओढाताण होती. दोन वर्षांत महाराष्ट्र धान्याच्या बाबतीत स्वयंपूर्ण झाला नाही तर मला फाशी द्या, असे त्यांनी १९६५ साली पुण्यात शनिवारवाड्यासमोरच्या सभेत सांगितल्याची हकिकत प्रसिद्धच आहे. संकरित ज्वारी आली. राहुरी, अकोला, परभणी आणि दापोली अशी चार कृषी विद्यापीठे १९६८ ते १९७२ या काळात उभी राहिली. उत्पन्न वाढले, पण स्वयंपूर्णता आली नाही. ‘हायब्रीड’ हा शब्द मात्र मराठीत कायमचा रुजला. दिसायला टपोरे आणि चवीला पाणचट अशा कोणत्याही गोष्टीला, माणसालासुद्धा, आपण हायब्रीड म्हणू लागलो. एखाद्या मुख्यमंत्र्याच्या धोरणाने भाषेला शिवी पुरविल्याचे दुसरे उदाहरण मला आठवत नाही.

आणि मग १९७२ उजाडले. पाऊस आधीही दगा देतच होता; त्या वर्षी त्याने पाठच फिरवली. विहिरी आटल्या, जनावरे छावण्यांत गेली, रेशनवर तांबडा मिलो आला. माझी आजी सांगोला तालुक्यातली. त्या वर्षी ती लग्न होऊन नुकतीच सासरी आली होती आणि नवी नवरी खडी फोडायला गेली. गावची पाटलीणसुद्धा शेजारी बसून खडी फोडीत होती, हे ती आजही काहीशा समाधानाने सांगते. सुकडीची चव तिला आठवते, मस्टरवर अंगठा लावल्याचे आठवते, मुख्यमंत्र्याचे नाव आठवत नाही. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यभर सुमारे ५० लाख माणसे अशी दुष्काळी कामांवर होती. पाझर तलाव झाले, नालाबंडिंग झाले, कोठेच न जाणारे रस्तेही पुष्कळ झाले. खोट्या मस्टरच्या तक्रारी झाल्या आणि त्या खऱ्याही होत्या. पण इतक्या भीषण अवर्षणात जी भूकबळींची रास पडायला हवी होती ती पडली नाही. याच बंगालने १९४३ साली काय पाहिले होते ते आठवले, तर हे यश लहान म्हणता येणार नाही.

या कामांमागे जी कल्पना होती ती वसंतरावांची नव्हती. ती विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांची. मागेल त्याला काम ही भीक नव्हे, तो हक्क आहे, असे पागे मांडीत होते. १९६९ साली सांगली जिल्ह्यातील विसापूर येथे तिचा प्रयोग झाला. सत्ताधाऱ्यांचा स्वभाव पाहता सभापतींनी सुचविलेली अशी खर्चिक कल्पना एखाद्या समितीकडे सोपवून मोकळे होणे सोपे होते. वसंतरावांनी ती ऐकली, उचलली आणि तिच्यामागे सरकारी तिजोरी उभी केली. १ मे १९७२ रोजी रोजगार हमी योजना सुरू झाली. स्वतःला कल्पना सुचणे हा प्रतिभेचा भाग आहे. दुसऱ्याची कल्पना आपली म्हणून राबविणे हा राज्यकर्त्याचा गुण आहे आणि तो पहिल्याहून दुर्मीळ आहे.

आणि येथेच उपनगराचा संबंध येतो. योजनेला पैसा कोठून आणायचा? उत्तर निघाले ते असे की शहरातल्या पगारदारांकडून. व्यवसाय कर लागू झाला १ एप्रिल १९७५ पासून, म्हणजे वसंतरावांनी पद सोडल्यानंतर जेमतेम दोन महिन्यांत. या कराचा पैसा रोजगार हमीच्या निधीत जायचा आणि राज्य सरकारने तेवढीच भर घालायची, अशी मूळ रचना. आपल्या वडिलांच्या पगारपत्रकात ‘पी. टी.’ म्हणून महिन्याला २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापलेले दिसतात ना, त्याचे मूळ हे आहे. मुलुंडच्या कारकुनाने दिलेल्या पैशातून माण-सांगोल्याच्या बाईला मजुरी मिळावी, अशी ही व्यवस्था होती. शहर आणि खेडे यांच्यात इतका सरळ, हिशेबी करार देशात क्वचितच झाला असेल. आपण मात्र ती ओळ वाचून चडफडतो आणि पुढे जातो. वर्गात मी ही माहिती विचारून पाहिली. कॉमर्सच्या मुलांना कराचा दर ठाऊक होता, कारण कोणालाच नाही.

योजनेवर टीका झाली ती डाव्यांकडून, आणि ती मला मोलाची वाटते. त्यांचे म्हणणे असे की रोजगार हमीने जमिनीची वाटणी बदलली नाही. मजुराला उन्हाळ्यापुरते जगविले आणि पावसाळ्यात पुन्हा बागायतदाराच्या शेतावर आणून सोडले. ज्यांच्या उसाला पाणी मिळाले त्यांचेच पाझर तलाव मजुरांनी बांधले. हे खोडून काढणे कठीण आहे. १९६१ चा कमाल जमीनधारणेचा कायदा झाला तेव्हा महसूलमंत्री वसंतरावच होते आणि त्या कायद्यातून भूमिहीनाच्या हाती किती जमीन आली ते सर्वांना दिसलेच. पण माझ्या आजीचा मुद्दा वेगळा आहे. तिला हाती मजुरी मिळाली, ती सासूच्या नव्हे तर तिच्या हाती, आणि पुरुषाच्या शेजारी बसून मिळाली. जमिनीचा प्रश्न सुटला नाही म्हणून ही गोष्ट खोटी ठरत नाही.

मुंबईच्या बाबतीत मात्र वसंतरावांची वकिली मी करणार नाही. बेटावरची गर्दी कमी व्हावी, सरकारी कचेऱ्या खाडीपलीकडे जाव्यात, तेथे नवे शहर वसावे, ही योजना चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी १९६५ च्या सुमारास मांडली. सरकारने ती मानली; मार्च १९७० मध्ये सिडको स्थापन झाली. आणि त्याच सरकारच्या अमदानीत, त्याच वर्षांत, दक्षिण टोकाला समुद्र हटवून नरिमन पॉइंटवर कचेऱ्यांचे मनोरे चढत होते. एका हाताने गर्दी वाशीकडे बोलवायची आणि दुसऱ्या हाताने ती चर्चगेटकडे ओढायची! मंत्रालय जागचे हलले नाही, तेव्हा कंपन्या तरी कशाला हलतील? तेथले भूखंड कोणाला आणि कोणत्या भावाने दिले गेले यावरून त्या काळी गदारोळ झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. मला त्या भावापेक्षा दुसरी किंमत अधिक वाटते. बोरिवलीहून सकाळची फास्ट पकडताना दाराला लोंबकळणारा माणूस ती आजतागायत भरतो आहे. गावाकडच्या दुष्काळात जो राज्यकर्ता लाखो माणसांचा हिशेब ठेवू शकला, त्याच्या सरकारला उपनगरातून रोज निघणाऱ्या माणसांचा हिशेब मांडता आला नाही, हे नवलच म्हणायचे.

‘वसंतसेना’ प्रकरणाविषयी थोडेच लिहितो, कारण त्यावर लिहिणारे पुष्कळ आहेत. १९६६ साली स्थापन झालेल्या शिवसेनेकडे नाईक सरकारने काणाडोळा केला, गिरणगावातल्या लाल बावट्याला शह देण्यासाठी तिचा उपयोग करून घेतला, असा विरोधकांचा आरोप होता आणि त्यांनीच हे टोपणनाव दिले. वापरून घेतले की वापरले गेले, हे ज्याचे त्याने ठरवावे. याच उपनगरातून दुसराही आवाज उठत होता. गोरेगावच्या पाण्यासाठी भांडून ‘पाणीवाली बाई’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या मृणाल गोरे आणि अहिल्या रांगणेकर यांनी १९७२ पासून महागाईविरुद्ध बायकांचे लाटणे मोर्चे काढले. गावात खडी फोडणारी बाई आणि शहरात लाटणे घेऊन रस्त्यावर आलेली बाई एकाच वर्षीच्या, एकाच मुख्यमंत्र्याला प्रश्न विचारणाऱ्या. पहिलीला उत्तर मिळाले, दुसरीला बहुतेक आश्वासने.

हा फरक अजून बुजलेला नाही. घाटकोपर, अंधेरी, कुठल्याही स्टेशनाजवळच्या मजूरनाक्यावर सकाळी आठला उभे राहून पाहा. थापी, घमेले, रंगाचा ब्रश घेऊन माणसे वाट पाहत असतात. जालना, सोलापूर, बीड ही गावे त्यांच्या बोलण्यात येतात. नऊपर्यंत मुकादम आला तर काम, नाहीतर घरी. गावात राहिले असते तर कागदावर का होईना त्यांना कामाची हमी मागता आली असती. मुंबईची हद्द ओलांडली की तो हक्क मागे राहतो. ज्या शहराच्या पगारातून हमीचा पैसा उभा राहिला, त्याच शहरात हमी नाही. २००५ साली केंद्राने देशभरासाठी रोजगार हमीचा कायदा केला, त्यात महाराष्ट्राचा नमुना डोळ्यांसमोर होता. पण तोही ग्रामीण भागापुरताच. वसंतरावांच्या काळी शहर म्हणजे काम, असे समीकरण खरे होते. गिरण्यांचे भोंगे वाजत होते. गिरण्या गेल्या, समीकरण गेले, तरी कायद्याची हद्द तेथेच राहिली. नाईकांचा वारसा सांगणाऱ्यांनी पुतळ्यांऐवजी ही हद्द पुढे सरकवण्याचा आग्रह धरावा, असे माझे स्पष्ट मत आहे. कर आपण देतोच आहोत. नाक्यावरच्या माणसासाठी त्यातला वाटा मागायला आपली जीभ का अडखळावी?

राहता राहिला श्रेयाचा प्रश्न. योजना सुरू झाली वसंतराव नाईकांच्या कारकीर्दीत, कर बसला शंकरराव चव्हाणांच्या, कायदा मंजूर झाला १९७७ साली वसंतदादा पाटलांच्या. तो अमलात आला २६ जानेवारी १९७९ रोजी, तेव्हा मुख्यमंत्री होते शरद पवार. एकमेकांचे पाय ओढण्यात पटाईत असलेल्या या मंडळींपैकी एकानेही आधीच्याचे काम मोडले नाही. दिल्लीच्या इच्छेने पद सोडलेले वसंतराव १९७७ साली वाशीममधून लोकसभेवर निवडून गेले होते. कायदा लागू झाला त्याच वर्षी, १८ ऑगस्टला, सिंगापूर येथे त्यांचे निधन झाले. त्या उन्हाळ्यात माझी आजी पुन्हा एका पाझर तलावाच्या कामावर होती. तो तलाव, ती सांगते, अजून पाणी धरतो.