अंगठ्याखालचा कागद



गावाकडनं म्हातारा येतो. प्लास्टिकच्या पिशवीत घडी घातलेला दस्त. म्हणतो, 'तू शिकलेला, वाच बरं काय लिवलंय.' आपण चाळीच्या गॅलरीत उभं राहून वाचतो. मथळा आहे : कायम खुष खरेदीखत. म्हातारा चमकतो. 'विकली कुठं रं? पोरीच्या लग्नाला पैसं उचललं. तीन वर्सात फेडलं की जमीन फिरवून देनार, असं चार मानसांत बोलनं झालंय.'

बोलणं झालंय! आणि कागदात त्या बोलण्यातला एक शब्द नाही. खुष खरेदी म्हणे. खुषी कुणाची?

ही कथा आपल्यातल्या निम्म्यांच्या घरात आहे. म्हणून कायदा काय म्हणतो ते नीट ऐका. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतर कायद्यात कलम ५८ आहे. दिसायला विक्री, पण पैसे परत दिले की जमीन परत, अशा व्यवहाराला ते शर्तीच्या विक्रीचं गहाण मानतं. १९२९ साली त्यात एक ओळ घातली : ही शर्त त्याच दस्तात लिहिलेली नसेल, तर ते गहाण धरायचं नाही. झालं! सावकाराच्या वकिलाला वाट सापडली. विक्रीचा कागद वेगळा, फिरवून देण्याची चिठ्ठी वेगळी. नाहीतर चिठ्ठीच नाही, नुसता शब्द.

एका ओळीनं काय फरक पडतो? व्यवहार गहाण ठरला, तर फेडीची वेळ झाल्यापासून तीस वर्षं जमीन सोडवायचा दावा लावता येतो. नुसता परत खरेदीचा करार ठरला, तर ठरलेला दिवस टळला की हक्क मेला. सावकार त्या दिवशी मुद्दाम गावाला जातो. म्हातारा पैसे घेऊन त्याच्या ओट्यावर बसून राहतो. दुसऱ्या दिवशी मालक बदललेला असतो.

शर्त त्याच दस्तात असली तरी काम आपोआप होत नाही. कोर्ट हेतू बघतं. किंमत बाजारभावाच्या मानानं किती कमी? ताबा कुणाकडं राहिला? सारा कुणी भरला? फेरफार लगेच झाला का? म्हणून साऱ्याच्या पावत्या चुलीत घालू नका.

तोंडी बोलणं कोर्टात का चालत नाही? लेखी दस्ताच्या विरुद्ध तोंडी पुरावा नको, हा १८७२ पासूनचा नियम. २०२४ मध्ये पुराव्याचा कायदा नव्या नावानं आला, पण नियम तोच राहिला. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या लिहू दिलं नाही, त्यांना हा कायदा विचारतो : लिहून का घेतलं नाही?

१८७५ साली सुप्यात आणि आसपास कुणब्यांनी सावकारांची खतं जाळली. त्यानंतर १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. त्यात पुढं, कागदामागचा खरा व्यवहार तपासायची मुभा कोर्टाला मिळाली. तो कायदाही नंतर रद्द झाला. सुप्रीम कोर्टानं १९८१ मध्ये एवढं मान्य केलं, की दस्त नुसता देखावा होता हे दाखवायला तोंडी पुरावा देता येतो. फट आहे, पण बारीक.

आपल्या वतनाच्या जमिनींची गोष्ट तर आणखी नागडी. महार वतनाच्या गुलामीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ सालीच कौन्सिलात बिल मांडलं. १९५८ च्या कायद्यानं वतन गेलं, जमीन नव्या शर्तीवर मिळाली : कलेक्टरच्या परवानगीशिवाय विकायची नाही. मग धनदांडग्यांनी काय केलं? खरेदीखत नकोच म्हणाले. स्टॅम्पवर इसार लिहून घेतला, अंगठा घेतला, नांगर घातला. सात-बाऱ्यावर आपलं नाव आणि रानात त्यांचा ऊस!

आता हत्याराचं बोलू. २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्याच्या कलम १८ खाली मुदतीत अर्ज केला, तर जिल्हा निबंधक चौकशी करतो. जमीन सावकारी कर्जाच्या तारणापोटी गेली असं ठरलं, तर खरेदीखत रद्द करून ती परत द्यायचा हुकूम तो देऊ शकतो. इथं कागदाच्या मथळ्यामागं बघायची सोय आहे. ती किती घरांत माहीत आहे? दर महिन्याला व्याज दिल्याची एखादी चिठ्ठी, एखादी वही, बँकेतली एखादी नोंद तिथं लाखाची ठरते. आणि मुदत महत्त्वाची. रडत बसलात तर तीही जाईल.

मोर्च्यात घोषणा द्यायला आपण पुढं असतो. भूमिहीनांचा सत्याग्रह दादासाहेब गायकवाडांनी केला, त्याचा अभिमान मिरवतो. पण ज्याच्या नावावर दोन एकर उरलेत, त्याचा कागद वाचायला आपल्याला सवड नाही. या सुट्टीत गावी जा. घरातली पेटी उघडा. दस्त, फेरफार, पावत्या एका जागी लावा. शेजारच्या चार घरांचेही वाचून द्या. आणि यापुढं वस्तीतला कुणी दुय्यम निबंधकाच्या ऑफिसात निघाला, तर त्याच्याबरोबर आपल्यातला एक जण गेलाच पाहिजे. गहाण असेल तर गहाणखतच लिहून घ्या. सावकार ऐकतच नसेल, तर फिरवून देण्याची शर्त निदान त्याच दस्तात घालायला लावा. तेवढी एक ओळ मोठ्यानं वाचून दाखवल्याशिवाय म्हाताऱ्याचा अंगठा शाईला लागता कामा नये.