गुणवत्ता की मर्जी?

मुख्याध्यापक केवळ सेवाज्येष्ठतेने नव्हे, तर गुणांनी निवडावा, हे तत्त्व आम्हांस सर्वथा मान्य आहे. परंतु गुण कोणत्या मापाने मोजले हे सांगण्याचे टाळले, की गुणवत्ता हे मर्जीचेच सोज्ज्वळ नाव ठरते! अल्पसंख्याकांच्या शाळेस ज्येष्ठता बाजूला सारून आपला मुख्याध्यापक निवडता येतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने केरळातील एका प्रकरणात १९९८ साली दिला. पुढे गोव्यातील अशाच एका संस्थेत प्रमुखपदासाठी डावलल्या गेलेल्या शिक्षिकेचे गाऱ्हाणे त्याच न्यायालयापुढे गेले. स्वायत्तता असली तरी निवड न्याय्य व पारदर्शक असलीच पाहिजे, आणि ती तशी झाली काय, हे उच्च न्यायालय तपासू शकते, असे २०१७ साली न्यायालयाने बजावले.

न्यायालय मुख्याध्यापक निवडत नाही. निवडणाऱ्यांचा तराजू सरळ होता काय, एवढेच पाहते. दाव्याच्या तारखा पडत राहिल्या तर शाळा प्रभारी हातांत राहते, आणि त्याची किंमत मुले मोजतात. म्हणून चालकांनी निकष आधी जाहीर करावेत, गुणांची नोंद ठेवावी आणि ज्येष्ठास डावलल्यास कारण लेखी द्यावे. ज्याला कारण सांगण्याची लाज वाटते, त्याने निवड करूच नये!