काच बदलली, दृष्टि लावावयाची राहिली

तंबोऱ्याची तार तुटली म्हणजे नवी तार आणून चढवितां येते. परंतु तेवढ्यानें तंबोरा गाण्यास तयार झाला असें कोणीहि म्हणणार नाहीं. खुंटी पिळून, मणी सरकवून, जवारी पाहून तो सुरांत लावावा लागतो, आणि तें लावणें हेंच खरें काम असतें. वाण्याचा तराजू दुरुस्त झाला, तरी त्याची तपासणी होऊन सरकारी शिक्का बसल्यावांचून तो दुकानांत वापरतां येत नाहीं. दुरुस्त करणें आणि जुळविणें हीं दोन कामें निराळीं आहेत, हें आमच्या वाडवडिलांस पक्कें ठाऊक होतें. आमच्या दारांतल्या मोटारीच्या बाबतींत मात्र हें साधें शहाणपण आम्हांस सुचलें नाहीं, आणि त्याचें प्रायश्चित्त आमच्या सूनबाईस भोगावें लागलें. ती हकीकत घरांत मोटार बाळगणाऱ्या वाचकांच्या उपयोगी पडेल, म्हणून येथें देत आहों.

गेल्या उन्हाळ्यांत मुंबईहून पुण्यास परत येत असतां, द्रुतगति मार्गावर पुढच्या ट्रकच्या चाकाखालून उडालेला खडा आमच्या मोटारीच्या दर्शनी काचेवर बसला. प्रथम हरभऱ्याएवढा डाग दिसला. घरीं पोहोंचेपर्यंत त्याची वीतभर लांब रेघ झाली. दुसऱ्या दिवशीं ओळखीच्या एका गॅरेजांत मोटार नेऊन दिली. मिस्त्री हाताचा कुशल आणि वागण्याचा सचोटीचा. त्यानें जुनी काच काढून नवी बसविली, कडेचें चिकटद्रव्य घट्ट होईपर्यंत मोटार हालवूं दिली नाहीं, आणि संध्याकाळीं ती अशी लखलखीत करून दिली कीं आम्हांस मोटारच नवी वाटली. बिलावर काच, चिकटद्रव्य आणि मजुरी अशा तीन रकमा होत्या. चौथी रक्कम असावयास हवी होती, हें ना त्याच्या ध्यानीं आलें, ना आमच्या.

पुढें दहा-बारा दिवसांनीं एका लग्नासाठीं साताऱ्यास निघालों. मोटार सूनबाई हांकीत होती; शेजारीं चिरंजीव, आणि मागें आम्ही, आमची मंडळी व चौऱ्यांशी वर्षांच्या आमच्या मातोश्री. खंबाटकी मागें टाकून सुरूरच्या पुढें सरळ सडकेस लागलों, तों मोटार मधून मधून एका बाजूस किंचित् ओढ घेऊं लागली. डाव्या मार्गिकेंतून एक ट्रक सावकाश चालला होता. आमची वाट मोकळी होती. तरीहि मोटारीनें एकाएकीं असा कचकचीत ब्रेक घेतला कीं मातोश्रींचें कपाळ पुढच्या आसनाच्या पाठीवर आपटलें. मागें बसून पट्टा लावण्याची त्यांस संवय नव्हती, आणि खरें सांगावयाचें तर आम्हांसहि नव्हती.

“सूनबाई, अगं जपून! वाट मोकळी असतां ब्रेक कशाला?” आम्ही म्हणालों.

“बाबा, मी ब्रेकवर पाय ठेवलाच नाहीं. मोटारीनें आपणहून लावला.”

यावर आम्हीं काय करावें? ‘नाचतां येईना, अंगण वांकडें’ ही म्हण मोठ्या विनोदानें उच्चारली. मंडळी हंसली. सूनबाई हंसली नाहीं. येतांना चिरंजीवानें मोटार हांकली, आणि दुसऱ्या दिवसापासून सूनबाई कचेरीस रिक्षानें जाऊं लागली. मोटारीची किल्ली खुंटीवर लोंबत राहिली. मातोश्रींच्या कपाळावरचें टेंगूळ चार दिवसांत उतरलें; त्या किल्लीकडे मात्र आम्हीं तीन आठवडे पाहिलें आणि न पाहिल्यासारखें केलें.

तीन आठवड्यांनीं चिरंजीव एके सायंकाळीं घरीं आला तो गंभीर चेहऱ्यानें. नगर रस्त्यावर मोटारीनें त्यालाहि तसाच ब्रेक दिला होता. त्याला कोणीं म्हण ऐकविली नाहीं. ‘मोटारींत कांहीं तरी बिघाड दिसतो’ असें सर्वांच्या तोंडून एकदम निघालें. हा भेद आमच्या ध्यानांत आला, तेव्हां आम्हांस आमचीच लाज वाटली.

आतां यांतील शास्त्र सांगतों. हल्लींच्या पुष्कळ मोटारींत दर्शनी काचेच्या वरच्या अंगास, आरशामागें, एक लहानसा कॅमेरा बसविलेला असतो. रस्त्यावरचे पांढरे पट्टे, पुढचीं वाहनें आणि पायीं चालणारीं माणसें तो पाहत असतो. कांहीं मोटारींत त्याच्या जोडीला बंपरमागें रडारहि असतें. या दोहोंकडून आलेली वार्ता नियंत्रक पेटीकडे जाते. ही पेटी म्हणजे एक छोटा संगणकच होय; आजच्या मोटारींत अशा पेट्या डझनांनीं मोजाव्या लागतात. पुढें अडथळा आहे आणि चालकाचा पाय ब्रेकवर नाहीं, असें या पेटीस वाटलें म्हणजे ती स्वतः ब्रेक लावते; मोटार पट्ट्याबाहेर जाऊं लागली तर स्टिअरिंगचें चाक हळूच वळविते.

काच बदलतांना हा कॅमेरा जुन्या काचेवरून काढून नव्या काचेवरच्या पकडींत बसवावा लागतो. पकड केसभर इकडे-तिकडे झाली, किंवा काचेचा बांक किंचित् निराळा असला, तरी त्याची नजर फिरते. नजर एकच अंश फिरली असें धरूं. एका अंशाची चूक १०० मीटर अंतरावर सुमारें पावणेदोन मीटर होते. आपल्या महामार्गावरची एक मार्गिका साधारणतः साडेतीन मीटर रुंद असते. म्हणजे एका अंशांत अर्धी मार्गिका गेली! मोटार सरळ चालली आहे असें स्टिअरिंग सांगतें, आणि कॅमेऱ्याची ‘सरळ’ रेषा तर निराळीच. मग शेजारच्या मार्गिकेंतला ट्रक आपल्याच वाटेंत आहे असा पेटीचा समज होतो, आणि ती इमानेंइतबारें ब्रेक लावते. उलटपक्षीं, खरोखरच समोर असलेलें वाहन तिला बाजूस दिसलें, तर जेथें ब्रेक लागावयास हवा तेथें तो लागणार नाहीं. पहिल्या चुकीनें टेंगूळ येतें. दुसरीनें काय ओढवेल तें लिहावयास नको.

वाचक म्हणतील, मग धोक्याचा दिवा कां लागला नाहीं? कांहीं मोटारींत तो लागतो; परंतु त्यावर विसंबून चालत नाहीं. बंद पडलेलें घड्याळ कोणासहि ओळखतां येतें. पांच मिनिटें मागें पडणारें घड्याळ मात्र डौलानें टिकटिकत राहतें आणि आपली आगगाडी चुकवितें. आमचा कॅमेरा बिघडला नव्हता. त्यास सर्व कांहीं स्वच्छ दिसत होतें. फक्त जेथें असावें तेथें दिसत नव्हतें.

ज्या ठिकाणीं हें काम करण्याची साधनें होतीं तेथें आम्ही मोटार घेऊन गेलों. तेथील तरुण कारागिरानें प्रथम चारी चाकांतली हवा मापली आणि मागचें सामान उतरविलें. कारण मोटार किंचित् कलली तरी कॅमेऱ्याची नजर खालीं-वर होते. मग चाकांची सरळता तपासली. नंतर सपाट जमिनीवर मोटारीची मध्यरेषा आंखून, त्या रेषेवर कंपनीनें ठरविलेल्या अंतरावर आणि उंचीवर, काळ्या-पांढऱ्या आकृतींचा एक फलक उभा केला. उजेड सारखा पडावा म्हणून खिडकीचा पडदा ओढला. शेवटीं स्टिअरिंगखालच्या सोळा टोंकांच्या खोबणींत आपलें यंत्र जोडून त्यानें पेटीस सांगितलें कीं, ‘हा फलक बरोबर समोर आहे, येथून तुझी सरळ रेषा मोज.’ चूक एका अंशाहूनहि थोडी कमी निघाली. कांहीं मोटारींत या फलकाऐवजीं, किंवा या फलकानंतर, स्पष्ट पट्टे असलेल्या रस्त्यावर ठराविक वेगानें मोटार चालवूनच ही जुळणी पुरी होते. पाऊस किंवा धुकें असेल तर तें काम पुढें ढकलावें लागतें.

ही जुळणी केवळ काचेपुरतीच असते असें नाहीं. चाकांची सरळता साधल्यावर स्टिअरिंगच्या कोनमापकास ‘शून्य कोठें’ हें पुन्हां शिकवावें लागतें. १९९५ सालीं मर्सिडीझ-बेंझच्या मोटारींत बॉश कंपनीच्या साहाय्यानें आलेली जी घसरण आवरण्याची योजना, ती याच कोनमापकावर अवलंबून असते. शून्य चुकलें तर सरळ जाणारी मोटार घसरत आहे असें तीस वाटूं शकतें. हवेच्या झडपेवरील काजळी साफ केली म्हणजे पूर्वींच्या उघडीपेंत जास्त हवा शिरूं लागते. पेटीनें नवा हिशेब शिकेपर्यंत उभ्या मोटारीचें इंजिन वरखालीं होत राहतें. डिझेल मोटारींत इंजेक्टर बदलला तर पुष्कळदां त्यावर छापलेला संकेतांक पेटींत नोंदवावा लागतो, कारण कोणतेहि दोन इंजेक्टर तेल अगदीं सारखें सोडीत नाहींत. बॅटरी काढून बसविली तर कित्येक मोटारींच्या खिडक्या वरपर्यंत आपोआप जावयाचें विसरतात, आणि त्यांस तें पुन्हां शिकवावें लागतें. बंपरला लांबी भरून जाड रंग दिला, तर त्यामागच्या रडारची दृष्टि मंदावूं शकते.

आमच्या लहानपणच्या फियाट मोटारीस हा व्याप नव्हता. मिस्त्री कान देऊन इंजिन ऐके, कार्ब्युरेटरचा स्क्रू पाव फेरा फिरवी, आणि जुळणी तेथेंच संपे. परंतु १९६७ सालीं फोक्सवॅगन १६०० या मोटारींत पेट्रोलचें माप विजेच्या मेंदूकडे गेलें. १९७८ सालीं ब्रेकवर चाक न अडूं देण्याची जबाबदारी मर्सिडीझमध्यें दुसऱ्या मेंदूनें घेतली. आपल्याकडे एप्रिल २०१९ पासून नव्या मोटारींस असा ब्रेक सक्तीचा झाला, आणि १ एप्रिल २०२० पासून धुराचे भारत स्टेज सहाचे कडक नियम लागू झाले. हे नियम पाळणें अशा मेंदूंवांचून शक्यच नाहीं. तेव्हां मिस्त्रीचा कान बिघडला असें नव्हे. मोटारच कानानें ऐकूं येण्यापलीकडे गेली आहे. म्हणून आमच्या मिस्त्रीस आम्ही दोष देत नाहीं. त्याच्याकडे फलक नव्हता, आणि फलक लागेल काय, असें आम्हीं विचारलें नव्हतें.

वाचकांनीं मात्र विचारावें. मोटार दुरुस्तीस टाकण्यापूर्वींच, ‘या कामानंतर कोणतें यंत्र पुन्हां जुळवावें लागेल?’ असा स्पष्ट प्रश्न करावा, आणि त्याचा खर्च अंदाजपत्रकांत लिहून घ्यावा. विम्याचें काम असेल तर हा आंकडा काम सुरू होण्यापूर्वींच सर्व्हेअरच्या नजरेस आणावा. मागाहून वाढविलेल्या रकमेवरून वाद होतात. कामापूर्वीं आणि कामानंतर पेट्यांची तपासणी करून दोन्ही कागद मागून घ्यावेत. ‘दिवा विझविला, आतां चिंता नाहीं’ असें कोणी म्हटल्यास समाधान मानूं नये. दिवा विझविणें म्हणजे ज्वर मोजण्याची नळी झटकून पारा खालीं आणण्यासारखें आहे. गॅरेजांत साधनें नसलीं तर तीं कोठें आहेत हें त्यांनींच सांगावें, आणि जुळणी होईपर्यंत हीं साहाय्यक यंत्रें मोटारीच्या पुस्तिकेंत सांगितल्याप्रमाणें बंद ठेवून बेतानें हांकावें.

आणखी एक गोष्ट यंत्राची नाहीं, माणसांची आहे. चालविणारा कांहीं सांगत असेल तर तें आधीं ऐकून घ्यावें. मोटारीची खोड सर्वांआधीं तिच्या चाकावर हात असलेल्यास कळते, मग तो हात कोणाचाहि असो. सूनबाईचें म्हणणें त्याच दिवशीं मानलें असतें, तर पुढचे तीन आठवडे अख्खें घर त्या मोटारींतून निर्धास्तपणें हिंडलें नसतें.

त्या रात्रीं जेवणें झाल्यावर, मातोश्रींच्या देखत, आम्हीं सूनबाईस सांगितलें कीं, अंगण खरोखरच वांकडें होतें. म्हण आमची चुकली. ती क्षणभर गप्प राहिली. मग म्हणाली, “बाबा, अंगण सरळ झालें, बरें झालें. पण आतां आजींनीं आणि तुम्हीं पट्टा लावल्याशिवाय मी किल्ली फिरविणार नाहीं.”

पुढच्या रविवारीं मातोश्रींस तिनें मोटारींत बसविलें आणि त्यांचा पट्टा स्वतः लावला. आमचा आम्हीं मुकाट्यानें लावून घेतला.